पायरेटेड सॉफ्टवेअरवरचा मजकूर रीराइट करताना शब्द कसे बदलायचे: सगळी प्रोसेस क्रमाने

पायरेटेड सॉफ्टवेअरवरची बातमी, कॉलेजचा प्रोजेक्ट रिपोर्ट नाहीतर टेक लेख रीराइट करायला घेतला की बहुतेक जण एकच करतात, मूळ मजकूर कॉपी-पेस्ट करायचा, वाक्यं आहेत तशीच ठेवायची आणि प्रत्येक वाक्यातले दोन-तीन शब्द काढून त्यांच्या जागी समानार्थी वाटणारे दुसरे टाकायचे. बाकी विषयांत यामुळे फार तर भाषा खडबडीत होते, पण या विषयात कोणी काय केलं हेच बदलून जातं. "विनापरवाना"चं "चोरीचं" केलं की समोरच्यावरचा आरोप वाढला, "क्रॅक केलेलं" (म्हणजे लायसन्सची तपासणी बंद पाडलेलं) याचं "ॲक्टिव्हेटेड" केलं की बेकायदा फाइलची जाहिरात झाली, "मुक्त"चं "फुकट" केलं की चांगल्या कायदेशीर सॉफ्टवेअरवर उगाच संशय आला. म्हणून शब्द बदलायचं काम सगळ्यात शेवटी करायचं असतं, आणि लोक नेमकं ते सगळ्यात आधी करतात.

सुरू करायच्या आधीची तयारी

तीन गोष्टी हाताशी घ्या. मूळ मजकूर, त्या मजकुरातली माहिती जिथून आली तो पहिला सोर्स (कायद्याचं कलम असेल तर कलम, रिपोर्ट असेल तर रिपोर्ट), आणि एक कोरी फाइल. मजकूर जुन्या नॉन-युनिकोड फॉन्टमधला असेल तर आधी युनिकोडमध्ये आणून नजरेखालून घाला, कारण कन्व्हर्ट करताना जोडाक्षरं तुटतात आणि मग पुढे सर्च मारला तर निम्मे शब्द सापडतच नाहीत.

आणि एक गोष्ट आधीच डोक्यात पक्की बसवा. ज्या लेखाचं तुम्ही रीराइट करताय त्या लेखालाही कॉपीराइट असतो. नुसते शब्द बदलले आणि वाक्यरचना, क्रम, उदाहरणं सगळं तेच ठेवलं तर ती नक्कलच राहते, प्लेजरिझम चेकर (मजकूर दुसरीकडून उचललाय का ते शोधणारं टूल) काहीही टक्के दाखवो. गुगलच्या स्पॅम पॉलिसीत तर दुसऱ्याचा मजकूर घेऊन फक्त समानार्थी शब्द टाकून छापणं हे उदाहरण म्हणून सरळ लिहिलेलं आहे. संशोधनाच्या जगातही हे पकडलं गेलं, २०२१ मध्ये गियोम कबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मागाझिनोव या संशोधकांनी असे पेपर शोधून काढले ज्यांत रूढ पारिभाषिक शब्दांच्या जागी विचित्र पर्याय घुसवलेले होते, म्हणजे "आर्टिफिशियल इंटेलिजन्स"च्या जागी चक्क "काउंटरफिट कॉन्शसनेस". शब्द बदलणारं टूल वापरलं की मराठीत याचीच भावंडं तयार होतात.

थांबा: फक्त चेकर चुकवायचा म्हणून रीराइट करत असाल तर पुढचं काहीच कामाचं नाही. मूळ लेखकाची परवानगी घ्या नाहीतर त्याचं नाव देऊन थोडकं अवतरण घ्या, ते जास्त सोपं आहे.

१. मजकूर कसला आहे ते आधी ठरवा

बातमी आहे, कायद्याची माहिती आहे, सिक्युरिटीची वॉर्निंग आहे की मत मांडणारा लेख आहे? मतलेखात "चोरीचं सॉफ्टवेअर" चालून जातं कारण ते लिहिणाऱ्याचं मत आहे हे वाचणाऱ्याला कळतं. बातमीत तोच शब्द आरोप होतो. सिक्युरिटीच्या मजकुरात तर कायदेशीर की बेकायदेशीर हा मुद्दा मागे पडतो आणि फाइल नेमकी कुठली होती हे महत्त्वाचं होतं. हे एका ओळीत कोऱ्या फाइलच्या वरच लिहून ठेवा, पुढे प्रत्येक शब्दाला त्याचाच हिशोब लावायचाय.

२. शब्दांचे तीन गट करा

मजकूर वाचताना शब्दांवर तीन रंगांनी खुणा करा.

लाल म्हणजे हात लावायचाच नाही. सॉफ्टवेअरची आणि मालवेअरची नावं, कायद्याची कलमं, आकडे, तारखा, अवतरणचिन्हातली वाक्यं, आणि क्रॅक, कीजेन, रॅन्समवेअर, ओपन सोर्स असे ठरलेले शब्द. पिवळा म्हणजे बदलता येतो पण अर्थ तपासून, यात पायरेटेड, बनावट, विनापरवाना, फ्री, कॉपी, आरोप, संशय, कारवाई हे सगळे येतात. हिरवे म्हणजे बिनधास्त बदला, "वापरतात", "सध्या", "बऱ्याच ठिकाणी" वगैरे.

तपासा: हिरव्या शब्दांना धक्का लावून मजकूर फारसा बदलतच नाहीये असं वाटलं तर बरोबर वाटतंय. या विषयात निम्म्याहून जास्त महत्त्वाचे शब्द लाल-पिवळेच निघतात, म्हणूनच नुसत्या शब्दबदलाने रीराइट होत नाही.

३. पिवळे शब्द: आरोप किती आहे ते बघा

इथे जरा वेळ घालवा, सगळ्यात जास्त गोंधळ इथेच होतो.

"विनापरवाना" हा सगळ्यात मोठा डबा. त्यात क्रॅक केलेली कॉपी पण येते आणि पाच मशीनचं लायसन्स घेऊन आठ मशीनवर टाकणारं ऑफिस पण येतं. त्या ऑफिसने पैसे भरलेले आहेत, फक्त कमी भरलेत. त्याला "पायरेटेड वापरणारे" म्हणायच्या आधी मूळ सोर्समध्ये काय लिहिलंय ते बघाच. "बनावट" म्हणजे अस्सल म्हणून विकलेला नकली माल, खोटा बॉक्स, खोटं स्टिकर, आणि इथे घेणारा माणूस स्वतः फसलेला असू शकतो. म्हणून "बनावट" आणि "पायरेटेड" एकमेकांच्या जागी टाकले की फसलेला ग्राहक गुन्हेगार होऊन बसतो. "नकली" तर अजून वेगळं ऐकू येतं, वाचणाऱ्याला वाटतं की फोटोशॉपसारखं दिसणारं दुसरंच काहीतरी ॲप होतं, जेव्हा की पायरेटेड कॉपी बहुतेक वेळा मूळ प्रोग्रॅमच असते, फक्त लायसन्सची तपासणी काढून टाकलेली.

"चोरी"बद्दल स्पष्ट सांगतो. बोलण्यात आपण सगळेच म्हणतो, पण भारतीय न्याय संहितेतलं कलम ३०३ चोरीचं आहे आणि ते जंगम मालाबद्दल आहे, आणि सॉफ्टवेअरची बेकायदा कॉपी हा कॉपीराइट कायद्याचा भंग आहे. बातमीत किंवा कायद्याच्या लेखात "चोरीचा गुन्हा दाखल" असं लिहिलं तर ते दुसरंच कलम झालं. "चाचेगिरी" पेपरात चालतो, एखाद्या वेळी वापरायला हरकत नाही, पण वापरणाऱ्या माणसाला "चाचा" करू नका.

"संशय आहे", "कंपनीच्या म्हणण्यानुसार", "आरोप आहे" हे शब्द दिसायला फालतू वाटतात म्हणून रीराइट करताना पहिले उडतात. ते उडाले की दावा थेट सत्य म्हणून छापला जातो. तसंच नोटीस, तक्रार, एफआयआर, छापा, दंड या पाच वेगवेगळ्या पायऱ्या आहेत, सगळ्यांना मिळून "कारवाई" म्हणू नका.

४. क्रॅक, कीजेन, पॅच: हे एकमेकांचे समानार्थी नाहीत

एकच शब्द परत परत येतोय म्हणून कंटाळून लोक इथे आलटून-पालटून लिहितात. प्रत्येकाचं काम वेगळं आहे.

सिरियल की म्हणजे नंबर, तो खरा विकत घेतलेला असू शकतो किंवा कुठून तरी फुटलेला. कीजेन हा असे नंबर तयार करणारा प्रोग्रॅम. क्रॅक म्हणजे मूळ प्रोग्रॅममध्ये बदल करून लायसन्स तपासणं बंद पाडणारी फाइल, किंवा तसा बदल केलेली कॉपी. पॅच दोन्ही बाजूंना असतो, कंपनी जो सिक्युरिटी पॅच देते तो पण पॅच आणि क्रॅक करणारी छोटी फाइल ती पण पॅच, म्हणून नुसतं "पॅच टाकू नका" असं कधीही लिहू नका, वाचणारा विंडोजचे अपडेट बंद करून बसेल. कायम "कंपनीचा सिक्युरिटी पॅच" किंवा "क्रॅक करणारा पॅच" असं पूर्ण लिहा.

ॲक्टिव्हेटरचंही, म्हणजे सॉफ्टवेअर ॲक्टिव्हेट करून देणाऱ्या टूलचंही तसंच. केएमएस ही मायक्रोसॉफ्टचीच अधिकृत सोय आहे, मोठ्या ऑफिसांमध्ये व्हॉल्यूम लायसन्सच्या (अनेक मशीनसाठी एकत्र घेतलेल्या लायसन्सच्या) मशीन त्यावरून ॲक्टिव्हेट होतात आणि ते ॲक्टिव्हेशन १८० दिवस टिकतं. केएमएसपिको हे त्या सोयीची नक्कल करणारं बेकायदा टूल. मूळ लेखात "केएमएसपिको" असेल आणि तुम्ही आखूड करून "केएमएस" लिहिलं तर कायदेशीर गोष्टीला बेकायदा ठरवलं. आणि डिसेंबर २०२१ मध्ये रेड कॅनरी या सिक्युरिटी कंपनीने दाखवलं ते असं होतं की केएमएसपिकोचे खोटे इन्स्टॉलर बनवून त्यातून क्रिप्टबॉट नावाचं माहिती चोरणारं मालवेअर पसरवलं जात होतं. "केएमएसपिकोचे खोटे इन्स्टॉलर" मधला "खोटे" हा शब्द गाळला की वाक्याचा अर्थ वेगळा होतो, हे लक्षात घ्या.

टॉरेंट ही फाइल वाटायची पद्धत आहे, पायरसीचं दुसरं नाव नाही. उबंटू आणि डेबियनवाले स्वतःच अधिकृत टॉरेंट देतात.

मालवेअर हा सगळ्यांचा मिळून शब्द, व्हायरस, ट्रोजन, रॅन्समवेअर हे त्यातले प्रकार. मूळ मजकुरात रॅन्समवेअर असेल तर "व्हायरस" लिहून मोकळं होऊ नका, कारण रॅन्समवेअरमध्ये फाइल लॉक होतात आणि पैसे मागतात, वाचणाऱ्याने काय करायचं तेही वेगळं असतं. अजून एक, अँटिव्हायरस कधीकधी ॲक्टिव्हेटरला "हॅकटूल" म्हणून दाखवतो. त्याचा अर्थ मशीनला लागण झाली असा होतोच असं नाही, तेव्हा "हॅकटूल आढळलं" हे "व्हायरस सापडला" करू नका, आणि उलट "काही नसतं हो, फॉल्स अलार्म असतो" असंही स्वतःच्या पदरचं घालू नका.

धोका: मूळ मजकुरात क्रॅकच्या साइटचं नाव, डाउनलोडची लिंक, चालणारी की किंवा अँटिव्हायरस बंद करायच्या स्टेप्स असतील तर त्या रीराइटमध्ये घ्यायच्याच नाहीत. शब्द बदलून पण नाही. आणि "क्रॅक"च्या जागी "फुल व्हर्जन", "प्री-ॲक्टिव्हेटेड", "लाइफटाइम फ्री" असे गोड शब्द टाकू नका, ही वाटणाऱ्यांची भाषा आहे.

५. फ्री म्हणजे नक्की काय

"फ्री" दिसला की "मोफत" टाकायची सवय सोडा. फ्रीवेअर म्हणजे पैसे न घेता दिलेलं, पण सोर्स कोड (प्रोग्रॅमचा मूळ लिहिलेला कोड) मिळेलच असं नाही. ट्रायल म्हणजे ठराविक दिवस वापरायला. विनरारची ट्रायल ४० दिवसांची आहे, त्यानंतरही ते उघडतं म्हणून लोक त्याला फुकट समजतात, पण लायसन्सच्या हिशोबाने ते फुकट नाही. मुक्त सॉफ्टवेअर, म्हणजे लिबरऑफिस, गिंप, इंकस्केप वगैरे, यात वापरायची, बघायची, बदलायची आणि वाटायची मोकळीक लायसन्सनेच दिलेली असते, आणि जीपीएल लायसन्सखालचं सॉफ्टवेअर विकायलाही परवानगी असते. त्यामुळे "मुक्त"ला "फुकट" म्हणणं चूक, आणि पायरेटेड कॉपीला "मुक्त" म्हणणं तर त्याहून मोठी चूक.

६. आकडे आणि कायदा: इथे शब्दाला चिकटून राहा

बीएसए या सॉफ्टवेअर कंपन्यांच्या संघटनेच्या २०१८ च्या सर्व्हेत २०१७ सालासाठी भारतातल्या विनापरवाना सॉफ्टवेअरचा आकडा ५६ टक्के होता. हे वाक्य रीराइट होता होता "५६ टक्के भारतीय पायरेटेड सॉफ्टवेअर वापरतात" असं होतं. त्यात दोन चुका आहेत. टक्केवारी माणसांची नाही, कॉम्प्युटरवर टाकलेल्या सॉफ्टवेअरची आहे. आणि शब्द "विनापरवाना" आहे, "पायरेटेड" नाही. याच सर्व्हेत जगभरच्या विनापरवाना सॉफ्टवेअरची व्यापारी किंमत ४६.३ अब्ज डॉलर दिलीय, तिचं "नुकसान" करू नका, कारण क्रॅक वापरणारा प्रत्येक जण क्रॅक नसता तर विकत घेतलंच असतं असं कोणी म्हणू शकत नाही.

कायद्यात कॉपीराइट कायदा १९५७ चं कलम ६३ब बघा. पायरेटेड कॉपी कॉम्प्युटरवर जाणूनबुजून वापरणाऱ्याला किमान सात दिवस ते तीन वर्षांपर्यंत कैद आणि ५० हजार ते दोन लाख रुपये दंड. पण धंद्यासाठी किंवा कमाईसाठी वापर नसेल तर कोर्ट कारणं नोंदवून कैद टाळू शकतं आणि ५० हजारांपर्यंत दंड करू शकतं. यातला "जाणूनबुजून" गाळला की कलमच वेगळं होतं, आणि "तीन वर्षं तुरुंगवास होतो" असं लिहिलं तर "तीन वर्षांपर्यंत" मधला "पर्यंत" गेला. लायसन्सचं कुलूप तोडण्याबद्दलचं कलम ६५अ वेगळं आहे, ते २०१२ च्या दुरुस्तीने आलं, त्याची शिक्षा पण वेगळी, दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. आणि कलम ५२ मध्ये कायदेशीर कॉपी असलेल्या माणसाला बॅकअप कॉपी ठेवायची मुभा आहे, म्हणजे प्रत्येक "कॉपी" ही "बेकायदा कॉपी" नाही.

तपासा: कलमाचा मजकूर दुसऱ्या लेखावरून घेऊ नका, इंडिया कोडच्या सरकारी साइटवर जाऊन आजचा मजकूर वाचा, कायद्यात दुरुस्त्या होत राहतात.

७. आता मूळ मजकूर बंद करा आणि लिहा

सरावाला हा तयार केलेला उतारा घ्या:

"कंपनीच्या म्हणण्यानुसार एका डिझाइन ऑफिसमधल्या दहा कॉम्प्युटरवर तिचं सॉफ्टवेअर होतं. सात कॉम्प्युटरवर एकच लायसन्स की वापरली होती, उरलेल्या तीनवर क्रॅक केलेली कॉपी होती. क्रॅक टाकताना अँटिव्हायरस बंद केल्यामुळे एका मशीनमध्ये रॅन्समवेअर शिरलं असावं असा संशय आहे. कंपनीने ऑफिसला नोटीस पाठवून खुलासा मागवला आहे."

शब्द बदलणारे याचं काय करतात ते बघा:

"एका आरेखन कार्यालयातील दहा संगणकांवर चोरीची प्रणाली आढळली. सात संगणकांवर एकच परवाना चावी वापरली होती, उर्वरित तीनवर भेगाळलेली प्रत होती. भेग टाकताना विषाणूरोधक बंद केल्यामुळे एका यंत्रात खंडणी विषाणू शिरला. आस्थापनेने कार्यालयावर कारवाई करत स्पष्टीकरण मागवले आहे."

वाक्यांचा क्रम तोच, म्हणजे नक्कल तशीच राहिली, आणि वर अर्थ बिघडला. कंपनीचा दावा थेट सत्य झाला, दहाच्या दहा कॉम्प्युटर चोरीच्या खात्यात गेले, संशय गायब, नोटिशीची कारवाई झाली, आणि "भेगाळलेली प्रत" काय असते ते कोणालाच कळणार नाही.

योग्य पद्धत अशी. उतारा वाचून चार ओळींच्या नोट्स काढा, कोण म्हणतं (कंपनी), काय म्हणतं (दहा मशीन, सातवर एक की, तीनवर क्रॅक), संशय कसला (एक मशीन, रॅन्समवेअर, अँटिव्हायरस बंद), पुढे काय (नोटीस, खुलासा). मूळ फाइल बंद करा. मग ही गोष्ट ऑफिसातल्या मित्राला सांगताय तशी लिहा:

"एका डिझाइन ऑफिसला सॉफ्टवेअर कंपनीने नोटीस पाठवून खुलासा मागवलाय. कंपनीचं म्हणणं असं की तिथल्या दहा कॉम्प्युटरवर आपलं सॉफ्टवेअर चालत होतं, त्यातल्या तीन ठिकाणी ते क्रॅक केलेलं होतं आणि बाकी सात ठिकाणी मिळून लायसन्स की एकच होती. यातल्या एका मशीनमध्ये रॅन्समवेअर घुसलं असावं आणि ते क्रॅक टाकायला अँटिव्हायरस बंद केला तेव्हा घुसलं असावं, असाही संशय आहे."

लाल शब्द सगळे जागेवर आहेत, तरी वाक्यं नवी आहेत. आणि मी "सात ठिकाणी विनापरवाना" असं लिहिलं नाही तेही बघा, कारण व्हॉल्यूम लायसन्समध्ये एकच की अनेक मशीनवर चालणं कायदेशीर असू शकतं. मूळ मजकुराने जे सांगितलं नाही ते आपण सांगायचं नाही.

८. शब्द बदललाच तर व्याकरण पण बदला

मराठीत शब्दासोबत लिंग येतं. सॉफ्टवेअर क्रॅक केलेलं, प्रोग्रॅम क्रॅक केलेला, आज्ञावली क्रॅक केलेली. एक शब्द बदलला की त्या वाक्यातलीच नाही तर पुढच्या दोन वाक्यांतली "ते, त्याचं, टाकलं" पण बदलावी लागतात. सामान्यरूपही सांभाळा, "कॉपीचा"वरून "प्रतचा" नाही तर "प्रतीचा", "लायसन्सशिवाय"वरून "परवानाशिवाय" नाही तर "परवान्याशिवाय".

धोका: "सगळे बदला" हे बटण दाबू नका. "की"च्या जागी "चावी" टाकायला गेलात तर "तो म्हणाला की"चं "तो म्हणाला चावी" होतं, "बाकी"चं "बाचावी" आणि "नक्की"चं "नक्चावी". एकेक करत पुढे जा, वेळ लागला तरी चालेल.

सर्च करताना अजून एक अडचण येते, "ॲक्टिव्हेट" मधला ॲ दोन-तीन प्रकारे टाइप होतो, एकच अक्षर म्हणून, अ वर चंद्र देऊन, किंवा मधे न दिसणारा जोडणारा कॅरेक्टर टाकून. डोळ्यांना सगळे सारखेच दिसतात पण सर्चला वेगळे वाटतात. तिन्ही प्रकार शोधा आणि अख्ख्या मजकुरात एकच ठेवा. आणि एकाच वस्तूला एका लेखात एकच नाव द्या, पहिल्या परिच्छेदात "क्रॅक", दुसऱ्यात "पॅच", तिसऱ्यात "लोडर" असं केलं तर वाचणाऱ्याला तीन फाइल होत्या असं वाटतं. तोच शब्द परत आला तर येऊ द्या.

९. पाठवायच्या आधीची तपासणी

आता मूळ मजकूर परत उघडा, दोन्ही शेजारी ठेवा आणि लाल शब्दांवरून बोट फिरवत जा. प्रत्येक नाव, आकडा, कलम, अवतरण जसंच्या तसं आहे का. मग दावा करणारा कोण ते प्रत्येक ठिकाणी शिल्लक आहे का. मग वाक्यांचा क्रम बघा, सलग तीन वाक्यं मूळच्याच क्रमाने आणि त्याच सांगाड्यात असतील तर तो भाग सातव्या पायरीपासून परत लिहा. मूळ सोर्सचं नाव दिलंय का तेही बघा.

शेवटी मोठ्याने वाचा आणि ज्याला हा विषय माहीत नाही अशा कोणाला तरी दोन प्रश्न विचारा: कोणी काय केलं असा आरोप आहे, आणि तो कोणी केलाय? दोन्ही उत्तरं मूळ मजकुराशी जुळली तर पाठवा, एक जरी चुकलं तर तिसऱ्या पायरीवर परत जा आणि पिवळे शब्द पुन्हा तपासा.